दिग्दर्शकाने समीक्षकावर असे तुटून पडावे का?

कृष्णाकाठ, सांगली
आमच्या चित्रपट मंडळात येत्या रविवारी ‘टायटॅनिक’ दाखवणार आहोत आणि नंतरच्या चर्चेचे टिपण माझ्याकडे आहे. मार्च १९९८ मध्ये, चित्रपटाला ११ ऑस्कर मिळाल्यानंतर काही दिवसांतच, जेम्स कॅमेरॉन यांनी ‘लॉस एंजेलिस टाइम्स’ला पत्र लिहून समीक्षक केनेथ ट्युरान यांना पदावरून दूर करण्याची भाषा केली. एवढे यश पदरात पडल्यावरही एका समीक्षकाचा इतका राग का यावा? जाणकारांनी कृपया सांगावे.

अजिंक्यतारा, सातारा
राग एका परीक्षणाचा नव्हता, तो वर्षभर साचत आलेला होता. जुलै १९९७ मध्ये येणारा चित्रपट डिसेंबरवर गेला, खर्च २० कोटी डॉलरपर्यंत पोहोचला आणि तेव्हापासून अनेक वृत्तपत्रांनी एकही दृश्य न पाहता तो बुडणार असे लिहायला सुरुवात केली. खर्च वाढला ही बातमी जरूर आहे. परंतु चित्रपट वाईट असल्याचा तो पुरावा नव्हे, आणि हा फरक ज्यांनी पाळला नाही त्यांच्यावरची कॅमेरॉन यांची चीड मला पूर्णपणे रास्त वाटते.

वाईकर
अजिंक्यतारा यांचे म्हणणे बातमीदारांपुरते मान्य आहे, ट्युरान यांच्याबाबतीत नाही. त्यांनी चित्रपट पाहून लिहिले आणि त्यांचा मोठा आक्षेप पटकथेवर होता. ऑस्करची १४ नामांकने मिळाली, त्यांत पटकथेचे नव्हते, हेही टिपणात यायला हवे. प्रेक्षकांनी चित्रपट डोक्यावर घेतला, १०० कोटी डॉलरचा टप्पा ओलांडणारा तो पहिला चित्रपट ठरला, हे सारे खरेच. पण संवाद कच्चे आहेत या आक्षेपाला गल्ल्याचा आकडा हे उत्तर होऊ शकत नाही.

अफवांविषयी मात्र एक सांगतो. आमच्याकडे कृष्णेच्या घाटावर आणि मेणवलीत मोठ्या हिंदी चित्रपटांचे चित्रीकरण होते, तेव्हा गावच्या वार्ताहराला बहुधा दोरीपलीकडेच उभे करतात. माहिती देणारे कोणी नसले की तो ऐकीव गोष्टी छापतो, आणि मग निर्मात्यांची माणसे त्याच्यावरच चिडतात.

कृष्णाकाठ, सांगली
दोघांचाही आभारी आहे. बातमीदारी आणि समीक्षा यांचा विचार आता टिपणात वेगवेगळा करतो. त्या पत्राचे पुढे काय झाले?

वाईकर
पत्र त्याच वृत्तपत्राने छापले, आणि ट्युरान तेथे २०२० पर्यंत समीक्षक म्हणून लिहीत राहिले.