मदत हवी आहे : इम्प्लांटभोवती साचलेले पाणी आणि हरवलेली नोंद

आम्ही नाशिकरोडला राहतो. माझ्या थोरल्या बहिणीला २०१४ मध्ये कर्करोगामुळे डावा स्तन काढावा लागला आणि त्याच वेळी मुंबईतील एका रुग्णालयात सिलिकॉन जेलचे इम्प्लांट बसवण्यात आले. दिवाळीपासून तिचे ब्लाउज डाव्या बाजूला घट्ट होऊ लागले. महिनाभर तिने दोष शिंप्याला दिला. अखेर केलेल्या सोनोग्राफीत इम्प्लांटभोवती पाणी साचल्याचे दिसले. येथील एका डॉक्टरांनी ‘आपोआप जिरेल’ असे सांगून अँटिबायोटिक दिले, जे मला पटलेले नाही.

कारण असे की, इम्प्लांटमध्ये जेल असो वा मिठाचे पाणी, बाहेरची पिशवी सिलिकॉनचीच असते, मात्र तिचा पृष्ठभाग गुळगुळीत किंवा खरबरीत असतो. खरबरीत पृष्ठभागाशी प्रामुख्याने जोडला गेलेला एक लिम्फोमा आहे. तो स्तनाचा कर्करोग नसून रोगप्रतिकारक पेशींचा असतो आणि अनेकदा शस्त्रक्रियेनंतर कित्येक वर्षांनी अशाच सुजेच्या रूपाने समोर येतो. याच कारणाने जुलै २०१९ मध्ये अमेरिकेच्या एफडीएने (औषधे व वैद्यकीय उपकरणांवर देखरेख करणारी सरकारी संस्था) सांगितल्यावर ॲलर्गन कंपनीने आपली ‘बायोसेल’ पृष्ठभागाची इम्प्लांट जगभरातून परत मागवली. लक्षणे नसतील तर इम्प्लांट काढण्याची गरज नाही, असे एफडीएने तेव्हा स्पष्ट केले होते. ताईला मात्र लक्षण आहे. (नातेवाइकांनी व्हॉट्सॲपवर पाठवलेले फ्रान्सच्या पीआयपी कंपनीच्या इम्प्लांटचे प्रकरण निराळे आहे, त्यांत औद्योगिक प्रतीचे सिलिकॉन भरले होते आणि त्यांची विक्री २०१० मध्येच थांबली.)

अडचण नोंदीची आहे. गॅसच्या पुस्तकासोबत ठेवलेल्या डिस्चार्ज कार्डावर इम्प्लांटचे स्टिकर आहे, पण ओलीमुळे कंपनीचे नाव पुसले गेले असून ‘३२५ सीसी’ आणि लॉट क्रमांकाचे शेवटचे चार आकडे तेवढे वाचता येतात. त्यावरून पृष्ठभाग कळू शकेल का? रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात शस्त्रक्रियेची नोंद मागायची, तर अर्जासोबत काय जोडावे लागते?

सोनोग्राफीखाली सुईने पाणी काढून त्याची पेशीतपासणी आणि सीडी३० (या लिम्फोमाच्या पेशींवर आढळणारे प्रथिन) चाचणी व्हावी, असे मी वाचले आहे. ती नाशिकमध्ये कोणी करून घेतली आहे का, की नमुना मुंबईलाच पाठवतात? पंचवटी एक्स्प्रेसने सकाळी मुंबईला जाऊन रात्री परतायची ताईची तयारी आहे, फक्त आधी प्लास्टिक सर्जनकडे जावे की कर्करोगतज्ज्ञांकडे, हे अनुभवी मंडळींनी कृपया सांगावे.