झेंडा बदलला म्हणजे निष्ठा विकली?

"पदकासाठी देश बदलणारे खेळाडू निष्ठा काय सांगणार" असं कुणीतरी लिहिलंय. आइस डान्सपुरतं, म्हणजे बर्फावर स्केटिंग करत स्त्री-पुरुष जोडीने करायच्या नृत्याच्या खेळापुरतं तरी, हे पटत नाही. इथे एकट्याने काहीच होत नाही, आणि मुळात चांगले पुरुष जोडीदार मुलींच्या मानाने फार कमी. मग जोडीदार मिळेल तिथे जायचं.

टॅनिथ बेल्बिनचंच बघा. जन्म कॅनडातल्या किंग्स्टनचा. १९९८ मध्ये अमेरिकेच्या बेन अ‍ॅगोस्टोबरोबर जोडी जमली म्हणून ती तिकडे मिशिगनला गेली. जागतिक स्पर्धेत दोघांपैकी एक त्या देशाचा नागरिक असला तरी चालतं, त्यामुळे २००५ मध्ये त्यांनी अमेरिकेकडून रौप्य जिंकलंसुद्धा. ऑलिंपिकला मात्र दोघांकडेही नागरिकत्व लागतं, आणि तिचं रीतसर नागरिकत्व २००६ च्या तुरिन ऑलिंपिकनंतरच मिळणार होतं. शेवटी अमेरिकी काँग्रेसने वाट मोकळी करून दिली, ३१ डिसेंबर २००५ ला तिने शपथ घेतली आणि फेब्रुवारीत रौप्य. आइस डान्समध्ये अमेरिकेला १९७६ नंतर मिळालेलं पहिलं ऑलिंपिक पदक!

सगळ्यांचं नशीब असं नसतं. लॉरेन्स फूर्निए बोद्री ही कॅनडाची, निकोलाय सोरेनसेन डेन्मार्कचा. दोघं डेन्मार्ककडून खेळत होते, पण तिला डॅनिश नागरिकत्व काही मिळालं नाही आणि २०१८ चं ऑलिंपिक हुकलं. मग ते कॅनडाकडून उतरले. म्हणजे आता त्याचा झेंडा बदलला! यात निष्ठा कुणाची मोजायची, आणि कुठल्या देशाशी?