मदत हवी आहे: कुत्रीची काळी नखं घरी कशी कापायची?

आमची इंडी (देशी) कुत्री आहे, ९ वर्षांची, वजन साधारण १८ किलो, आणि सगळीच्या सगळी नखं काळीकुट्ट. पांढऱ्या नखात आतली गुलाबी शीर दिसते तरी, इथे टॉर्च मारूनही काही कळत नाही. आता फरशीवर चालताना टकटक वाजतात, आणि पुढच्या पायांना वरच्या बाजूला जो अंगठा असतो ना त्याचं नख गोल वळून कातडीकडे चाललंय, अजून रुतलेलं नाही.

पकडीसारखा कटर आहे, धार चांगली आहे. एकावेळी जेमतेम १-२ मिलिमीटर कापते आणि कापलेल्या भागात मधोमध गडद ठिपका दिसला की थांबते. नखं घासायचा ग्राइंडर आणला पण आवाजानेच पलंगाखाली जाते, तो सध्या शोपीस आहे. लिकमॅटवर (चाटायच्या रबरी मॅटवर) दही लावलं की पुढचे पाय देते, मागच्या पायाला हात लावला की खेचून घेते, गुरगुरते. चावलेली नाही. मझलची (तोंडाला बांधायच्या जाळीची) सवय आहे. रक्त थांबवायची स्टिप्टिक पावडर घरात आहे त्यामुळे प्लीज हळदीचे उपाय नकोत, आणि व्हेटकडे नेणं हा शेवटचा पर्याय कारण तिथे ती प्रचंड घाबरते. घरी धरायला दुसरं कोणी नसतं.

दर आठवड्याला थोडं थोडं कापलं की शीर मागे सरकते म्हणतात, तर या वयात तुमच्यापैकी कोणाला तसा फरक दिसला का? आणि एकट्याने मागचे पाय करताना उभं ठेवून पाय मागे वळवायचा की कुशीवर झोपवून कापायचं?