तमाशापटाच्या अभ्यासाला पाश्चात्त्य सिद्धान्त कुठवर पुरतो?

प्रश्न (विद्यार्थिनी, कोथरूड)

मी पुण्यात पदव्युत्तर शिक्षण घेत असून प्रबंधिकेसाठी तमाशापट हा चित्रपटप्रकार निवडला आहे. 'रामजोशी' (१९४७), 'सांगत्ये ऐका' (१९५९), 'पिंजरा' (१९७२) आणि 'नटरंग' (२०१०) हे चार चित्रपट मी घेतले आहेत. मार्गदर्शकांच्या सूचनेवरून चित्रपट अभ्यासक रिक ऑल्टमन यांचे चित्रपटप्रकारांवरील आणि लॉरा मल्वी यांचे पुरुषी नजरेवरील (पडद्यावरील स्त्री पुरुषाने पाहण्याची वस्तू म्हणून कशी मांडली जाते, यावरील) लेखन वाचले; मात्र ते लागू करताना दोन ठिकाणी अडले आहे. पहिली अडचण अशी की, तमाशापटाची व्याख्या करायची तर आधी काही चित्रपट निवडावे लागतात आणि ते निवडायचे तर व्याख्या आधीच हाताशी असावी लागते. दुसरी अधिक गंभीर वाटते. मल्वी यांचा १९७५ चा निबंध हॉलिवूडच्या चित्रपटांवर उभा आहे. तिथली नायिका आपल्याला कोणी पाहत आहे याची जाणीव नसल्यासारखी वावरते. लावणी सादर करणारी स्त्री मात्र समोरच्यांच्या डोळ्याला डोळा देऊन गाते. अशा वेळी हा सिद्धान्त बाजूला ठेवावा, की त्यात काही भर घालून तो वापरता येईल?

प्रतिसाद १ (चित्रपट रसास्वादाचा शिक्षक, डेक्कन)

तुमची पहिली अडचण चित्रपट अभ्यासात जुनीच आहे. चित्रपट सिद्धान्ताचे अभ्यासक अँड्र्यू ट्यूडर यांनी सत्तरच्या दशकात ती नेमकी मांडली आणि प्रेक्षकवर्ग सामायिक समजुतीने ज्याला एका प्रकारचा चित्रपट मानतो, तिथून सुरुवात करावी, असा मार्ग सुचवला. ऑल्टमन यांनी १९८४ मध्ये पुढचे पाऊल टाकले. चित्रपटप्रकारात एकीकडे ओळखीचे घटक असतात आणि दुसरीकडे त्या घटकांना बांधणारी रचना असते, हा त्यांचा भेद तुमच्या विषयाला फार उपयोगी आहे. ढोलकी, फड, पाटलाचा वाडा, गण-गवळण हे झाले घटक. ते चारही चित्रपटांत कमीअधिक सापडतील. पण नुसती त्यांची यादी म्हणजे अभ्यास नव्हे.

रचनेकडे पाहिले की खरा प्रश्न समोर येतो. 'रामजोशी'त ब्राह्मण शाहीर तमाशाकडे वळतो आणि स्वतःच्या समाजाला दुरावतो. 'पिंजरा'त तमाशा गावाबाहेर घालवू पाहणारा आदर्श मास्तर अखेर त्याच फडाच्या आश्रयाला जातो, तर गाव इकडे त्याला मृत समजून त्याचा पुतळा उभारते. दोन्हीकडे प्रतिष्ठित पुरुषाचे स्थानभ्रष्ट होणे हाच कथेचा कणा आहे, आणि नाचणारी स्त्री त्या पतनाचे निमित्त ठरते. 'नटरंग' याच रचनेला वेगळे वळण देतो. तिथला गुणा मोलमजुरी करणारा पहिलवान आहे, आणि 'नाच्या' होताना त्याच्या प्रतिष्ठेपेक्षा त्याचे पुरुषत्वच पणाला लागते. माझ्या मते तुमच्या प्रबंधिकेचा गाभा या बदलात आहे.

प्रतिसाद २ (संशोधक, स्त्री अभ्यास, औंध)

दुसऱ्या अडचणीविषयी थोडे सविस्तर लिहिते, कारण इथे घाईने निष्कर्ष काढला जातो. लावणीतली स्त्री समोर पाहते, म्हणून पुरुषी नजरेचा सिद्धान्त गैरलागू, हा युक्तिवाद तमाशाच्या मंचापुरता काही अंशी खरा आहे. चित्रपटाच्या बाबतीत तो तपासून घ्यावा लागतो. मल्वी तीन नजरा वेगळ्या काढतात: कॅमेऱ्याची, प्रेक्षकाची आणि पडद्यावरील पात्रांची. कनातीत लावणी पाहणाऱ्या प्रेक्षकाला गाणारी थेट संबोधते, त्याला खिजवते, त्याच्या शेऱ्याला उत्तरही देते. चित्रपटात मात्र तिने डोळा मोडला की अनेकदा पुढच्याच शॉटमध्ये लोडाला टेकलेला पाटील दिसतो. म्हणजे तिचे संबोधन संकलनाने त्या पात्राकडे वळवले जाते आणि चित्रपटगृहातला प्रेक्षक अंधारात सुखरूप राहतो. हे प्रत्येक लावणीत घडते, असे माझे म्हणणे नाही. कुठे घडते आणि कुठे ती नजर थेट कॅमेऱ्यात शिरते, हे शॉटगणिक नोंदवणे हेच तुमचे काम आहे.

या सिद्धान्तात भर घालायचीच असेल तर ती जातीची घालावी लागेल. कृष्णवर्णीय स्त्री प्रेक्षकाचा विचार मल्वी करीत नाहीत, हे अमेरिकी स्त्रीवादी लेखिका बेल हुक्स यांनी १९९२ मध्ये दाखवून दिले. आपल्याकडे समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांनी लावणी कलावंतांवरील १९९५ च्या निबंधात लैंगिकतेचे नियंत्रण जातिव्यवस्थेपासून वेगळे काढता येत नाही, हे ठामपणे मांडले. त्यांनी पुणे विद्यापीठात अध्यापन केले, आणि तरीही आपल्या शहरातील चित्रपटविषयक चर्चेत त्यांचे नाव क्वचितच निघते, याची मला खंत वाटते. ज्या समाजांतील स्त्रिया पिढ्यान्‌पिढ्या फडावर उभ्या राहिल्या, त्यांच्या जातीविषयी चित्रपट काय बोलतो आणि काय गाळतो, हे न विचारता केलेले नजरेचे विश्लेषण अपुरे राहील.

प्रतिसाद ३ (जुन्या चित्रपटांचा अभ्यासक, सदाशिव पेठ)

वरील दोन्ही प्रतिसाद मोलाचे आहेत. परंतु दोन्ही पडद्यावरच थांबतात. चित्रपटप्रकार घडतो तो निर्माता, वितरक आणि प्रेक्षक यांच्या व्यवहारातूनही. 'सांगत्ये ऐका' पुण्यात विजयानंद चित्रपटगृहात दोन वर्षांहून अधिक काळ चालला. तमाशापट म्हणजे ग्रामीण प्रेक्षकाची आवड, ही ठरावीक समजूत या एका गोष्टीने डळमळते. भर शहरात इतका काळ तो कोण पाहत होते, आणि एरवी तमाशाच्या कनातीकडे न फिरकणाऱ्या घरांतील स्त्रियांना चित्रपटगृहाने लावणी पाहण्याची मुभा दिली का, हे प्रश्न सिद्धान्ताइतकेच महत्त्वाचे आहेत.

आणखी एक सुचवितो. 'रामजोशी' आणि 'सांगत्ये ऐका' या दोन्ही चित्रपटांत काम केलेल्या हंसा वाडकर यांचे आत्मकथन अवश्य वाचा; त्याचेही नाव 'सांगत्ये ऐका' असेच आहे. श्याम बेनेगल यांचा 'भूमिका' (१९७७) याच आत्मकथनावर आधारलेला आहे. पडद्यावर पाहिली जाणारी स्त्री स्वतःच्या आयुष्याविषयी बोलते, तेव्हा नजरेचा प्रश्न सैद्धान्तिक राहत नाही.

प्रश्नकर्तीचे उत्तर

आपणा सर्वांची मनःपूर्वक आभारी आहे. आता प्रत्येक चित्रपटातील एकच लावणी निवडून तिचे शॉट नोंदवायचे आणि त्यांच्या आधारे रचनेतील बदलाकडे जायचे, असे ठरविले आहे. प्रेक्षकवर्गाविषयीची सामग्री मात्र कुठे शोधावी?

प्रतिसाद ३ (पुढे)

विधी महाविद्यालय रस्त्यावरील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयापासून सुरुवात करा. तेथे जुनी पोस्टर, छायाचित्रे आणि चित्रपटांच्या पुस्तिका जतन केलेल्या आहेत. शक्य झाल्यास त्या काळच्या मराठी दैनिकांतील चित्रपटगृहांच्या जाहिरातीही पाहा. चित्रपट कोणत्या शब्दांत विकला गेला, बायकांसाठी वेगळे खेळ लावले गेले का, नाव नायिकेचे मोठे छापले की दिग्दर्शकाचे, हे सर्व त्यातून कळेल. व्याख्या आणि निवड यांचा जो तिढा तुम्ही सुरुवातीला मांडला, त्यातही या जाहिराती उपयोगी पडतील, कारण त्या काळातील लोक कोणत्या चित्रपटांना एकत्र धरत होते याचा तो त्यांच्याच काळातला पुरावा आहे. मूळ तारखा टिपून ठेवा. चित्रपट पुन्हा प्रदर्शित होत असल्याने नंतरच्या जाहिराती पहिल्या प्रदर्शनाच्या समजून घेतल्या जाण्याचा धोका असतो.