ओपलवर कोरीवकाम: सुरुवात कशी करू? (नागपूर)

बर्डीवाला:
मंडळी, जयपूरहून इथिओपियाचा कच्चा ओपल आणलाय, 9 ग्रॅमचा. त्यात छोटा गणपती कोरायचाय. लाकडावर हात बसलेला आहे, दगड पहिल्यांदाच. काल मार्करने सोंड आखली आणि धुवायला पाण्यात टाकला, तर तासाभरात काचेसारखा पारदर्शक! रंग गायब. फसलो का? इतवारीत एका सराफाला दाखवला तर म्हणे, शुक्राचा खडा आहे, अंगठीत घाला, कोरता कशाला.

महालकर:
फसला नाहीत भाऊ. तो इथिओपियातल्या वेलो भागातला दिसतो, पाणी पितो. आत सिलिकाचे सूक्ष्म गोळे एकसारखे रचलेले असतात, त्यांच्यामुळे रंग खेळतो. मधल्या फटींत पाणी भरलं की रंग झाकला जातो, वाळला की परत येतो. पण कागदात गुंडाळून कपाटात ठेवा, आठवडाभर धीर धरा. कूलरसमोर किंवा उन्हात ठेवलात तर तडकेल, आणि आपल्या मे महिन्याचं ऊन काय असतं ते सांगायला नको.
आणि मार्कर काहून लावला बाप्पा! शाईही पितो तो. पेन्सिल वापरा.

बर्डीवाला:
अर्धी सोंड निळी राहिलीये 😬 मग कोरू कशाने?

महालकर:
हिऱ्याचे बिट, पाणी सतत थेंबथेंब, दाब अगदी हलका. गरम झाला की गेला. पुढे 600, 1200, 3000 नंबरच्या घासकागदाने (नंबर मोठा तितका बारीक) चढत जायचं, शेवटी नमद्यावर सेरियम ऑक्साइड, काचेला पॉलिश करणारे वापरतात तेच. तेलातली हिऱ्याची पेस्ट मात्र नको, तेलही आत शिरतं.
खरं सांगू? हा दगड आत्ता बाजूला ठेवा. बाटलीचा जाड बुड घ्या. काचेचा कठीणपणा ओपलच्या जवळपासच असतो (ओपल मोह्‌सच्या मापावर 5.5 ते 6.5), चुकलं तर रुपयाही जात नाही. आणि गणपती आधी ठरवू नका. रंगाचा पट्टा कुठून कुठे जातो ते कोरडा असताना दिव्याखाली फिरवून बघा, आकार त्याच्या मागून येऊ द्या. सरळ नाक-डोळे काढायला गेलात तर नेमका रंगाचाच भाग घासून जाईल.

सोनारीण:
लाकडाची सवय आहे म्हणून सांगते, इथे लाकडासारखे रेषे नसतात, हत्यार कुठूनही ढलपी काढतं. सोंडेसारखा बारीक सुटा भाग ठेवूच नका, अंगाला चिकटलेली ठेवा. कोरडं अजिबात घासू नका, ती सिलिकाची धूळ फुप्फुसात बसते. ओलं काम असलं तरी मास्क लावा. बिट फिरवणारी मोटर वर टांगा, खाली पाणी आहे. आणि कोंदण करायचं झालं तर आधी चांदीचं घर पूर्ण करा, डाक (धातूचा जोड) दिल्यावर दगड शेवटी बसवा. धुवायला गरम पाण्यात किंवा अल्ट्रासॉनिक मशीनमध्ये टाकू नका.

बर्डीवाला:
बाटल्या शोधल्या, चार आहेत. दगड कपाटात आहे. काल आईने उघडून खडीसाखर समजून डब्यात टाकला होता, आता वर चिठ्ठी लावलीये. सहा दिवस झाले, एका कोपऱ्यात हिरवा परत आलाय. निळी सोंड तशीच.