१९२८ चा गिरणी संप : साळखात्यातील अस्पृश्यबंदीचा प्रश्न लाल बावट्याने धसाला का लावला नाही?

परळचा_वाचक

मुंबईतील साम्यवादी चळवळीचा इतिहास वाचताना मी एका ठिकाणी वारंवार अडतो, म्हणून येथील जाणकारांपुढे प्रश्न मांडत आहे. १९२८ च्या एप्रिलपासून ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यापर्यंत सुमारे दीड लाख कामगारांनी मुंबईच्या कापड गिरण्या बंद ठेवल्या. त्या संपातूनच गिरणी कामगार युनियन, म्हणजे लाल बावटा, उभी राहिली आणि वर्ष संपता संपता तिची सभासदसंख्या पन्नास हजारांच्या पुढे गेली. याच काळात विणकाम खात्यात, गिरणीच्या बोलीत साळखात्यात, अस्पृश्य कामगारांना कामावर घेतले जात नव्हते आणि चांगली कमाई नेमकी त्याच खात्यात होती. डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न लावून धरल्यावर संपाच्या नेत्यांनी तो मोठ्या नाखुशीने मान्य केला, असे वाचनात येते. पुढे मात्र त्याबाबत काही घडल्याचे दिसत नाही.

याची दोन उत्तरे सहसा दिली जातात. नेते उच्चवर्णीय होते, हे एक, आणि मार्क्सवादाच्या चौकटीत जात बसत नव्हती, हे दुसरे. मला दोन्ही अपुरी वाटतात. युनियनचे अध्यक्ष अर्जुन आत्माराम आळवे हे स्वतः गिरणीत काम केलेले गृहस्थ होते, बाहेरून आलेले वकील किंवा पदवीधर नव्हते. आणि १९३० च्या अखेरीस प्रसिद्ध झालेल्या कम्युनिस्ट पक्षाच्या कृति-कार्यक्रमाच्या मसुद्यात जातिव्यवस्थेच्या संपूर्ण निर्मूलनाची मागणी स्पष्ट शब्दांत आहे. कागदावर जी गोष्ट लिहिता आली, ती गिरणीत का करता आली नाही?

जुना_साचेवाला

प्रश्न नेमका विचारला आहे. माझ्या मते त्याचे उत्तर पक्षाच्या ठरावांपेक्षा साळखात्याच्या आतल्या व्यवहारात अधिक सापडते, म्हणून आधी तेथील काम कसे चालत असे ते सांगतो.

धोट्यातील, म्हणजे मागावर आडवे सूत घेऊन इकडून तिकडे धावणाऱ्या साधनातील, सुताची कांडी संपली की विणकर नवी कांडी बसवी. तिच्या सुताचे टोक धोट्याच्या बाजूला असलेल्या बारीक छिद्रातून बाहेर काढावे लागे. साचा, म्हणजे माग, थांबला म्हणजे कमाई थांबली, कारण विणकराची मजुरी कापडाच्या मापावर ठरत असे. त्यामुळे तो त्या छिद्राला ओठ लावून श्वास आत ओढी आणि सूत क्षणात बाहेर येई. हाच धोटा पुढे बदली कामगाराच्या हाती जाई आणि त्यालाही तेच करावे लागे. अस्पृश्याच्या तोंडचे आपल्या तोंडी कसे लावायचे, ही स्पृश्य विणकरांची तक्रार या एका कृतीवर उभी होती.

ही तक्रार म्हणजे सबब होती, असे माझे स्पष्ट मत आहे. त्याच खात्यात हिंदूंच्या बरोबरीने मुसलमान विणकरही मोठ्या संख्येने होते आणि त्यावरून खाते कधी बंद पडले नाही. तोंड न लावता हाताने सूत ओवता येईल असे धोटेही परदेशात तोपर्यंत आलेले होते, पण त्यांची मागणी कोणी केली नाही. खरी गोष्ट अशी की साळखात्यातील जागा ही गिरणीतील चांगली जागा होती आणि ती आपल्या भावकीत, गावकीत ठेवण्याचे साधन जॉबरच्या, म्हणजे खात्यातील मुकादमाच्या, हाती होते. भरती जॉबर करी. तो रत्नागिरीकडील आपल्याच तालुक्यातील, आपल्याच जातीतील माणसे आणी, त्यांना बदलीवर उभे करी आणि जागा रिकामी झाली की त्यांतूनच भरी. महार कामगार कताईकडे, विशेषतः रिंग खात्यात, एकवटले याचे कारण हेच. तेथे मजुरी कमी होती आणि चढत चढत साळखात्यात जाण्याची वाट नव्हती.

आता १९२८ चा संप कशावरून झाला ते पाहावे. मालकांनी कार्यक्षमतेच्या नावाखाली दोन साच्यांऐवजी तीन साचे एका विणकराच्या गळ्यात मारण्याची योजना आणली आणि जानेवारीत ससून समूहाच्या गिरण्यांत पहिली ठिणगी पडली. रिंग खात्यातही एका बाजूऐवजी दोन बाजू सांभाळण्याची सक्ती होती, परंतु संपाचा कणा विणकरच होते. सर्वांत आधी बाहेर पडणारे तेच आणि सर्वांत उशिरापर्यंत टिकणारेही तेच. आळवे यांचे गिरणी कामगार महामंडळ १९२३ पासून याच थरात काम करीत होते. डांगे, मिरजकर, निंबकर, जोगळेकर ही कम्युनिस्ट मंडळी या थराचे नेते झाली, कारण त्या थराने त्यांना स्वीकारले. साळखाते अस्पृश्यांना उघडा, असे त्याच थराला ठणकावणे म्हणजे ज्या फांदीवर बसलो आहोत तिलाच हात घालणे होते. कागदावरची मागणी सरकारला आणि मालकांना उद्देशून असते आणि ती करायला धैर्य लागत नाही. ही मागणी आपल्याच सभासदांकडे होती.

मालकांनी तर यावर फार धूर्त उत्तर दिल्याची हकिकत आहे. हा अन्याय असलाच तर त्याला आम्ही जबाबदार नाही, असे ते म्हणाले. साळखात्याची दारे आपण बंद केलेली नाहीत, हे त्यांचे म्हणणे अर्धे खरे होते, आणि फोडलेला कामगार त्यांना सोयीचा होता हे उरलेले अर्धे त्यांनी सांगितले नाही.

मेरठ_खटला

वरील विवेचनाशी मी बव्हंशी सहमत आहे, पण त्यातून असा ग्रह होण्याची भीती आहे की युनियनला काही करणे शक्यच नव्हते. तसे नव्हते.

ऑक्टोबर १९२८ मध्ये वादाच्या चौकशीसाठी फॉसेट समिती नेमून संप मिटला आणि २० मार्च १९२९ रोजी मेरठ कटाच्या, म्हणजे ब्रिटिश सत्ता उलथण्याच्या कटाच्या, आरोपाखाली देशभर धरपकड झाली, तिच्यात डांगे, मिरजकर, निंबकर, घाटे, जोगळेकर यांच्याबरोबर आळवे आणि कासले हे कामगार नेतेही गेले. या दोन तारखांमध्ये साडेपाच महिने आहेत. एवढ्या काळात युनियनने गिरणीगणिक समित्या उभारल्या. त्या वर्गणी गोळा करीत, बडतर्फ केलेल्या कामगाराला परत घ्यायला लावीत, आणि जॉबरची मनमानी चालू देत नसत. जॉबरचा अधिकार इतका खिळखिळा यापूर्वी कधीच झाला नव्हता. भरतीची किल्ली ज्याच्या हाती होती त्यालाच आव्हान देणारी यंत्रणा तयार असताना, एखाद्या गिरणीत, जेथे समिती भक्कम होती तेथे, पाच-दहा महार कामगारांना साळखात्यात बदलीवर उभे करण्याचा प्रयोग करता आला असता. तो झाल्याची नोंद मला कोठेही आढळलेली नाही. वेळ मिळाला नाही, हे समर्थन म्हणूनच मला पटत नाही.

याची किंमत लगेच मोजावी लागली. १९२९ च्या एप्रिलमध्ये दुसरा सार्वत्रिक संप पुकारला गेला तेव्हा नेते तुरुंगात होते, कामगार मागच्या वर्षीच्या उपासमारीतून सावरलेले नव्हते, आणि आंबेडकरांनी त्या संपाला उघड विरोध केला. दलित कामगार कामावर गेले तेव्हा त्यांना संपफोडे म्हटले गेले. ज्या खात्याच्या हितासाठी संप होता तेथे ज्यांना पाऊल ठेवता येत नव्हते, त्यांच्याकडून कोणत्या एकजुटीची अपेक्षा होती, हा प्रश्न त्या वेळच्या पत्रकांत कोणी विचारलेला दिसत नाही.

कॉमिन्टर्न, म्हणजे मॉस्कोस्थित कम्युनिस्ट आंतरराष्ट्रीय संघटना, हिच्याविषयी थोडे. १९२८ च्या सहाव्या काँग्रेसने ‘वर्गाविरुद्ध वर्ग’ असा जो डावा पवित्रा घेतला, त्याने परिस्थिती आणखी बिघडवली. ना. म. जोशी यांच्यासारख्या मवाळ नेत्यांबरोबर संप समितीत एकत्र बसणारी मंडळी वर्षभरात त्यांना सुधारणावादी म्हणून दूर लोटू लागली, आणि १९२९ च्या नागपूर अधिवेशनात आयटकमध्ये, म्हणजे अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसमध्ये, फूट पडली. या दृष्टीतून आंबेडकरही सुधारणावादीच ठरले. प्रश्नकर्त्यांनी उल्लेखिलेला १९३० चा मसुदा याच मनःस्थितीत लिहिलेला आहे. त्यात जातिनिर्मूलन आहे, पण ते क्रांतीच्या पोटात टाकलेले आहे, तोवर गिरणीत काय करायचे याचा पत्ता नाही.

परळचा_वाचक

दोन्ही प्रतिसादांसाठी आभार. ‘आपल्याच सभासदांकडे असलेली मागणी’ हा मुद्दा माझ्या लक्षात आला नव्हता. एक पुरवणी प्रश्न. १९३८ साली आंबेडकर आणि कम्युनिस्ट एका व्यासपीठावर आले होते. तेव्हा हा प्रश्न पुन्हा निघाला का?

कोकण_मेल

ते एकत्र आले ते मुंबई सरकारच्या औद्योगिक कलह विधेयकाविरुद्ध. खेर मंत्रिमंडळाच्या या विधेयकाने तडजोडीची प्रक्रिया सक्तीची केली आणि त्या मुदतीतील संप बेकायदा ठरवला. कामगारांचे नागरी स्वातंत्र्य स्थगित करणारा कायदा असेच त्याचे नाव असायला हवे होते, अशा अर्थाची टीका आंबेडकरांनी विधिमंडळात केली. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि लाल बावटा यांनी मिळून एक दिवसाचा संप केला आणि कामगार मैदानावर प्रचंड सभा झाली. मात्र ती एका विधेयकापुरती आघाडी होती आणि साळखाते तिच्या कार्यक्रमात नव्हते. चाळीसच्या दशकातही ती बंदी बऱ्याच अंशी टिकून होती.

त्याच वर्षी फेब्रुवारीत मनमाडला रेल्वेतील दलित कामगारांच्या परिषदेत आंबेडकरांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू असल्याचे सांगितले होते. जात ही केवळ श्रमाची विभागणी नसून श्रमिकांची विभागणी आहे, हे त्यांचे १९३६ चे प्रतिपादन आता ग्रंथांत उद्धृत होते. मला ते वाचताना नेहमी साळखाते आणि रिंग खाते यांच्यामधली भिंत दिसते. हे सूत्र त्यांना पुस्तकातून सुचलेले नव्हते, एवढे मी खात्रीने म्हणेन.

दोन्ही बाजूंना ओळखणारी माणसेही होती, त्यांच्याकडे या चर्चेत दुर्लक्ष होऊ नये. शामराव परुळेकर १९३७ साली स्वतंत्र मजूर पक्षाचे आमदार म्हणून निवडून आले, पुढे कम्युनिस्ट पक्षात गेले आणि १९४५ मध्ये पत्नी गोदावरीबाईंसह वारल्यांच्या लढ्यात उतरले. आर. बी. मोरे यांचे उदाहरण तर या प्रश्नाच्या अगदी गाभ्यातले आहे. १९२७ च्या महाड सत्याग्रहाच्या संघटकांपैकी ते एक, आणि १९३० च्या सुमारास ते कम्युनिस्ट पक्षाचे सभासद झाले. आंबेडकरांविषयीचा आदर आणि पक्षनिष्ठा या दोन्ही त्यांनी अखेरपर्यंत सांभाळल्या. अस्पृश्यता आणि जात यांविषयी पक्षाने स्वतंत्र भूमिका घ्यावी, अशी टिपणे त्यांनी पक्षनेतृत्वाकडे पन्नासच्या दशकात पाठवली. म्हणजे १९२८ च्या संपानंतर पंचवीस वर्षे उलटूनही, पक्षातील एका जुन्या दलित सभासदाला हा विषय आपल्याच नेत्यांपुढे नव्याने मांडावा लागत होता.