पाप मातार सार: टॉटनहॅमने विकत घेऊन लगेच परत मेट्झला ठेवला, यात पोराचा फायदा झाला की नुकसान?

ठाणेकर_स्पर्स

मंडळी, एक प्रश्न बरेच दिवस डोक्यात घोळतोय. पाप मातार सार, लंडनच्या टॉटनहॅमचा (स्पर्सचा) २९ नंबर, सेनेगलचा मिडफिल्डर. ऑगस्ट २०२१ मध्ये क्लबने त्याला फ्रान्सच्या मेट्झ क्लबकडून घेतलं, तेव्हा पोरगा पुरता १९ चाही नव्हता, आणि सही झाल्या झाल्या एका सीझनसाठी लोनवर, म्हणजे उसना, परत मेट्झलाच ठेवून दिला. त्या सीझनला मेट्झ पहिल्या लीगमधून खालच्या लीगमध्ये गेली. मग २०२२ मध्ये लंडनला आला तर तेव्हाच्या कोच कॉन्टेच्या टीममध्ये अर्धा सीझन नुसता बेंचवर. म्हणजे वाढायची जी वर्षं असतात त्यातलं एक बुडत्या टीममध्ये गेलं आणि पुढचं अर्धं ट्रॅकसूट घालून बसण्यात. आता तो पक्का खेळाडू आहे, माझा तर फार आवडता आहे, पण तेव्हाच कोणी नीट खेळवला असता तर आज अजून वर असता का, असं राहून राहून वाटतं.

विचारायचं कारण घरातलंच आहे. भाचा १६ चा आहे, तोही मिडफिल्डलाच खेळतो. एका मोठ्या नावाच्या अकॅडमीने बोलावलंय पण तिथे त्याच्या जागेवर आधीच तीन पोरं आहेत, आणि सध्याच्या छोट्या क्लबात त्याला दर आठवड्याला पूर्ण मॅच मिळते. ताई म्हणते अशी संधी परत येत नाही, जा. दाजी म्हणतात थांब. मला त्यांना सारचं उदाहरण द्यायचंय पण कोणाच्या बाजूने द्यावं तेच ठरत नाहीये. ज्यांनी त्याला फ्रान्समध्ये असल्यापासून बघितलंय त्यांनी जरा सविस्तर सांगा ना.

फ्रेंचलीग_प्रेमी

दादा, मेट्झचं ते वर्ष बुडालं असं अजिबात म्हणू नका, माझ्या मते त्याच्या करिअरमधला सगळ्यात शहाणपणाचा निर्णय तोच होता.

जरा मागून बघा. पोरगा डाकारच्या कडेच्या थियारोयचा, जन्म सप्टेंबर २००२. घडला जनरेशन फूट अकॅडमीत, म्हणजे जिथून सादियो माने गेला, पापिस सिसे गेला, इस्माइला सार गेला तीच. या अकॅडमीचं आणि मेट्झचं २००३ पासून नातं आहे, तिकडे तयार झालेली पोरं इकडे येतात. फिफाच्या नियमाने परदेशी क्लबात जायला १८ पूर्ण लागतात, त्यामुळे सारची वाट सप्टेंबर २०२० ला उघडली आणि तो लगेच मेट्झला आला. नोव्हेंबरमध्ये लीगमध्ये पहिली मॅच, जानेवारीत पहिला गोल, मार्चमध्ये सेनेगलच्या मोठ्या टीममध्ये. एवढं सगळं एका हिवाळ्यात झालं बरं का.

आता विचार करा, टॉटनहॅमने घेतला तेव्हा त्याच्या गाठीला सीनियर फुटबॉलचा जेमतेम एक सीझन होता, तोही पूर्ण नाही. तो तसाच लंडनला नेला असता तर काय झालं असतं? लीग कपच्या एकदोन मॅच आणि बाकी २३ वर्षांखालच्या टीमबरोबर. त्याऐवजी तो फ्रान्सच्या पहिल्या लीगमध्ये जवळजवळ दर आठवड्याला मैदानावर होता, आणि अशा टीममध्ये जिथे चेंडू आपल्याकडे कमी आणि समोरच्याकडे जास्त. मिडफिल्डरला अशा टीममध्ये आपली जागा सोडून चालत नाही, सोडली की मागे गोल होतो. बिचाऱ्यांची टीम वाचली नाही हे खरं, पण त्या टीममध्ये रोज बचाव करत करत जे अंगात मुरलं ते बेंचवर बसून मुरलं नसतं. आणि त्याच सीझनच्या मध्यावर कॅमेरूनला आफ्रिका कप झाला, सेनेगलने फायनलला इजिप्तला पेनल्टीवर ४-२ हरवून पहिल्यांदा कप जिंकला आणि त्या संघात हा १९ वर्षांचा पोरगा होता. २०२२ चा आफ्रिकेचा सर्वोत्तम तरुण खेळाडू म्हणूनही त्यालाच निवडलं. वर्ष वाया गेलेल्याला हे मिळत नाही.

हाफस्पेस_पुणे

वरच्यांशी सहमत, फक्त कॉन्टेच्या काळाबद्दल थोडं जोडतो.

तो अर्धा सीझन बसला हे बरोबर, प्रीमियर लीगमधली पहिली मॅचच १ जानेवारी २०२३ ला, अॅस्टन व्हिलाविरुद्ध, तीही बदली म्हणून. पण फेब्रुवारीत काय झालं आठवा. आपले मिडफिल्डर एकेक करून गेले: बेंटान्कूरचा गुडघा गेला, बिसूमा जखमी, होयबियाला बंदी, आणि समोर मिलान, त्यांच्याच सान सिरो मैदानावर, चॅम्पियन्स लीगची बाद फेरी. कॉन्टेकडे सार आणि स्किप सोडून कोणी उरलंच नव्हतं. मॅच १-० ने हरलो, पण ती दोन पोरं त्या मैदानावर अजिबात बावरली नाहीत, आणि माझ्या डोक्यात सार तेव्हाच बसला. मेट्झचा सीझन पाठीशी नसता तर ही मॅच त्याला झेपली नसती असं माझं ठाम मत आहे.

पुढे पोस्टेकोग्लू कोच म्हणून आला आणि त्याने पहिल्या महिन्यातच खेळवला. ऑगस्ट २०२३, घरच्या मैदानावर मँचेस्टर युनायटेड, सेकंड हाफ नुकताच सुरू झालेला. उजवीकडून कुलुसेव्स्कीचा क्रॉस येतो, बचावाच्या पायाला लागून वर उडतो, सगळे चेंडूकडे बघत उभे आणि सार मात्र मागून धावत दुसऱ्या पोस्टकडे पोचलेला, चेंडू खाली टेकायच्या बेतात असताना त्याने तो जाळीच्या छताला मारला. क्लबसाठी त्याचा पहिला गोल. परत बघाल तर गोलपेक्षा त्याची आधीची धाव बघा. क्रॉस निघायच्या आधी तो निघालेला असतो. ही सवय एका रात्रीत लागत नाही.

आणि बिलबाओ, २१ मे २०२५, युरोपा लीगची फायनल, परत युनायटेडच. मॅडिसन, कुलुसेव्स्की, बर्गवाल सगळे जखमी, त्यामुळे मिडफिल्डला सार, बिसूमा, बेंटान्कूर. हाफ टाइमला थोडाच वेळ राहिलेला, डावीकडे सारकडे चेंडू आला, त्याने उजव्या पायाने आत वळणारा क्रॉस जवळच्या पोस्टवर सोडला, आपला जॉन्सन आणि युनायटेडचा शॉ दोघांच्या झटापटीत तो आत गेला. १-० आणि तेवढ्यावरच कप, २००८ नंतरची क्लबची पहिली ट्रॉफी. गोल जॉन्सनच्या नावावर लागला, लागायलाच हवा, पण तो क्रॉस कोणी टाकला हे किती जणांना आठवतं? सारचं सगळं करिअर असंच आहे, हायलाइट्समध्ये शेवटचा टच दाखवतात आणि तो बहुतेक वेळा त्याच्या आधीच्या टचला असतो.

विदर्भ_फुटबॉल

मी थोडं वेगळं बोलतो, राग मानू नका.

प्रश्न लोनचा नाहीच आहे, प्रश्न आहे त्याला खेळवतात कसं. मेट्झला असताना हा पोरगा लांबून शॉट मारायचा, चेंडू घेऊन दोन जणांच्या मधून निघायचा, पुढे बघून पास काढायचा. इंग्लंडमध्ये आल्यावर प्रत्येक कोचने त्याच्यातलं एकच घेतलं, धाव. प्रेस कर (चेंडूवाल्यावर धावून जा), मागे ये, बॅकची जागा भर, परत पुढे जा. कॉमेंट्रीत ऐका, "इंजिन", "एनर्जी", "पाय" हेच शब्द. पश्चिम आफ्रिकेचा मिडफिल्डर दिसला की लोकांना आधी त्याची छाती आणि फुफ्फुसं दिसतात, डोकं नंतर. बिसूमाचं तेच, आधी टॉटनहॅमच्याच वान्यामाचं तेच (तो केनियाचा, पण वागणूक तीच). वर दादांनी ज्या गोलाचं वर्णन केलंय ना, ती धाव पायाची नाही डोक्याची आहे, हे त्यांनी स्वतःच सांगितलंय.

क्लबचा विश्वास नाही असंही नाही, जानेवारी २०२४ मध्ये २०३० पर्यंतचा करार दिलाय. पण करार देणं वेगळं आणि मॅचची सूत्रं हातात देणं वेगळं. सेनेगलमध्ये बघा, त्याच्या मागून त्याच अकॅडमीतून आणि त्याच मेट्झमधून लामिन कामारा आला, आज मोनॅकोत आहे, पुढची दोन वर्षं सर्वोत्तम तरुण खेळाडूचा मान त्याने घेतला. त्याला फ्री किक घेऊ देतात, टीम त्याच्यातून खेळते. मेट्झकडून त्याने मोनॅकोविरुद्धच आपल्या हाफमधून गोल मारला होता, तेही गोलकीपर पुढे आलाय हे बघून. सारमध्ये हे नाही असं मला कधीच वाटलं नाही, त्याला ते करायला सांगितलंच नाही कोणी. भाच्याबद्दल एवढंच म्हणेन, मॅच मिळतात का हे विचाराच पण मॅचमध्ये त्याच्याकडून काय करून घेणार हेही विचारा.

फ्रेंचलीग_प्रेमी

@विदर्भ_फुटबॉल मुद्दा पटतो, अर्धा. पोस्टेकोग्लूच्या पहिल्या सीझनला त्याला पुढे जायची मोकळीक होती. ३१ डिसेंबर २०२३ ची बोर्नमथ मॅच आठवते का, नवव्या मिनिटाला गोल मारला आणि हाफ टाइमच्या आधीच मांडीचा स्नायू धरून खाली बसला. मैदानाबाहेर जाताना हुंदके देऊन रडत होता, कारण पंधरा दिवसांवर आफ्रिका कप. कॅमेरा हटेना आणि बघवेना. दुखापत वाटली तेवढी मोठी नव्हती, स्पर्धेला गेला तो, पण सेनेगल पेनल्टीवर आयव्हरी कोस्टकडून बाहेर पडलं. देशासाठी खेळणं या पोरांसाठी काय असतं ते त्या दिवशी दिसलं.

मांडवी_काठ

गोव्याहून लिहितेय. सगळे खेळाबद्दल बोलताय, मी पैशाची आणि अकॅडमीची बाजू सांगते कारण १६ वर्षांच्या पोराच्या आईवडिलांना तीच कोणी सांगत नाही.

जनरेशन फूट ही नुसती पोरं विकायची जागा नाही. डाकारच्या बाहेर देनी बिराम न्दाओला त्यांचं केंद्र आहे, पोरं तिथेच राहतात, शिकतात, आणि मोठी टीम सेनेगलच्या पहिल्या लीगमध्ये खेळते, २०१७ आणि २०१९ ला जिंकलीसुद्धा. म्हणजे पोरगा युरोपला जायच्या आधी मोठ्या माणसांबरोबर पॉइंटसाठी खेळलेला असतो. सार १८ व्या वर्षी फ्रान्सला जाऊन दोन महिन्यांत लीगमध्ये उतरू शकला त्याचं मूळ इथे आहे. दुसरी बाजूही आहे, मेट्झला ही पोरं फार स्वस्तात मिळतात आणि मोठा पैसा फ्रान्समध्ये राहतो, ही तक्रार सेनेगलमध्ये जुनी आहे आणि ती मला रास्त वाटते. फिफाच्या नियमाप्रमाणे पुढच्या ट्रान्सफरच्या फीमधले ५ टक्के १२ ते २३ या वयात ज्या क्लबांनी शिकवलं त्यांच्यात वाटायचे असतात, १२ ते १५ च्या प्रत्येक वर्षाला पाव टक्का आणि १६ पासून पुढे प्रत्येक वर्षाला अर्धा टक्का. म्हणून ठाणेकरदादा, भाचा कुठेही जाऊदे, त्याचं रजिस्ट्रेशन कोणत्या वर्षी कोणत्या क्लबात होतं याचे कागद घरात नीट ठेवा. उद्या कुठे पोचला तर त्या छोट्या क्लबाला त्यांचा वाटा मिळायला हवा.

सेनेगलचे खेळाडू आम्हाला नवीन नाहीत. मुर्तदा फॉल इथे एफसी गोवाकडून खेळला, मग मुंबई सिटीला जाऊन तिथेही लीग जिंकला. डिफेंडर, पण कॉर्नरला वर आला की स्टेडियम उभं राहायचं. त्याची वाट सारसारखी नव्हती, युरोपच्या मोठ्या लीगमध्ये तो कधी दिसला नाही, तरी ज्यांनी त्याला गोव्याच्या फातोर्डा स्टेडियमवर बघितलंय त्यांना विचारा काय प्रतीचा खेळाडू होता. सेनेगलमधून एक सार वर पोचतो तेव्हा त्याच्याच गावची किती पोरं कुठल्या कुठल्या देशांत इमानदारीने खेळत असतात, ते पण धरा हिशोबात.

ठाणेकर_स्पर्स

सगळ्यांचे मनापासून आभार. सान सिरोची मॅच आज रात्री परत लावतो, यावेळी फक्त २९ नंबर बघत. आणि विदर्भवाल्यांचा मुद्दा घरी सांगितला, दाजी एकदम गप्प झाले, कारण सध्याच्या क्लबात कोच भाच्याला लेफ्ट बॅकला खेळवतोय ही गोष्ट त्यांनी आम्हाला सांगितलीच नव्हती. आता प्रश्न परत उघडा पडलाय. मॅच पूर्ण मिळते पण जागा भलतीच, असं असेल तर काय करायचं?

हाफस्पेस_पुणे

लेफ्ट बॅकला किती दिवस, यावर आहे. कोणी जखमी आहे म्हणून महिनाभर असेल तर खेळूदे, मिडफिल्डरला बॅकच्या नजरेतून मैदान दिसलं तर चांगलंच आहे. सीझनभर तेच ठरलेलं असेल तर मात्र अकॅडमीत जाऊन आठवडाभर सराव करू देतात का विचारा, बहुतेक ठिकाणी देतात. दाजींना घेऊन जा आणि सरावापेक्षा त्यांच्या बी टीमची एक मॅच बघा. त्या तीन पोरांपैकी बदली म्हणून कोण येतो, कितव्या मिनिटाला येतो आणि आल्यावर त्याला चेंडू देतात का, एवढं बघितलं तरी पुरे. भाचा उजव्या पायाचा आहे का डाव्या?